संगणकाशी ओळख : टाकी भरली, नळ जोडला का?



बदलापूर पश्चिमेच्या मांजर्लीतून एका भगिनीचे पत्र आले आहे. त्यांची मुलगी संगणकाची पदवी घेऊन एका लहानशा कार्यालयात कामाला लागली. तेथे संकेतस्थळे तयार करून देतात. सहा महिन्यांची उमेदवारी आहे, ती पार पडली तर नोकरी कायम होणार. साहेबांनी तिला सांगितले, "आपल्या पीएचपीत रेडिस बसव." मुलीने तीन रात्री जागून काढल्या. रेडिस बसले, पण संकेतस्थळ उघडले की एकच ओळ दिसते : 'क्लास रेडिस नॉट फाउंड'. कोणीतरी सुचवले की याचा स्वतंत्र क्लास लावावा लागतो, फी पाच हजार रुपये. भगिनी विचारतात, "मुलीच्या वडिलांचा पगार अंबरनाथच्या कंपनीत. पाच हजार म्हणजे आमचा महिन्याचा किराणा. क्लास लावावा का? आणि हे रेडिस म्हणजे आहे तरी काय?"

ताई, पहिल्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो. एवढ्या कामासाठी क्लास लावू नका. मुलीचे निम्मे काम झालेलेच आहे. उरलेले काम एका संध्याकाळचे आहे. दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर मात्र सविस्तर द्यायला हवे. आपल्या समाजातील अनेक मुले-मुली आज ह्या धंद्यात उतरत आहेत आणि त्यांच्या घरच्यांनाही ते कळले पाहिजे.

पीएचपी आणि तिची धावपळ

संकेतस्थळाचे पान आपल्या मोबाईलवर दिसते, पण ते तयार होते दूरच्या एका संगणकावर. त्याला सर्व्हर म्हणतात. तेथे पान तयार करणारी एक भाषा असते. पीएचपी ही त्यांपैकी एक, आणि फार पसरलेली. ग्रीनलंडमध्ये जन्मलेल्या रॅस्मस लर्डॉर्फ यांनी १९९४ मध्ये स्वतःच्या पानासाठी काही छोट्या आज्ञावल्या लिहिल्या आणि १९९५ मध्ये त्या सर्वांना खुल्या केल्या. त्यांतून ही भाषा वाढली. वर्डप्रेस पीएचपीत आहे. विकिपीडिया ज्या मीडियाविकी आज्ञावलीवर चालतो तीही पीएचपीतच आहे. २००३ मध्ये सुरू झालेला आपला मराठी विकिपीडियाही त्यात आला.

पीएचपीला माहिती लागते, ती डेटाबेसमध्ये असते. दहावीच्या निकालाचे उदाहरण घ्या. राज्यात दरवर्षी पंधरा-सोळा लाख मुले ही परीक्षा देतात. निकालाच्या दिवशी दुपारी सगळी एकाच वेळी आपला क्रमांक टाकतात. प्रत्येक वेळी डेटाबेसने आपली पोथी उघडायची, क्रमांक शोधायचा, उत्तर द्यायचे. एकच मुलगा, त्याची आई, मामा आणि शेजारी असे चौघे तोच क्रमांक टाकतात, तेव्हा तेच शोधकाम चार वेळा होते. अशी रांग लांबली की पान फिरत राहते आणि शेवटी बंद पडते.

हे नुसत्या सोयीचे प्रकरण नाही. शिष्यवृत्तीच्या अर्जाची शेवटची तारीख असते. बाप कामावर खाडा करून मुलाला घेऊन सायबर कॅफेत बसलेला असतो. पान उघडत नाही. दुसऱ्या दिवशी पुन्हा खाडा. ज्याच्या घरी चांगला संगणक आणि भरपूर वेळ आहे, तो रात्री दोन वाजता अर्ज भरून मोकळा होतो. संथ संकेतस्थळाचा भुर्दंड गरिबाला जास्त बसतो. म्हणून हे काम शिकणारी मुलगी आपल्याच माणसांच्या उपयोगाचे काम शिकते आहे, असे मी म्हणतो.

हाताशी ठेवलेले पाणी

आता उपाय पाहू. बदलापुरात राहणाऱ्याला तो समजायला अवघड नाही. पाणी उल्हास नदीत आहे. ते उपसून, शुद्ध करून, टाकीत चढवून आपल्या नळाला येते. तहान लागली म्हणून कोणी भांडे घेऊन नदीवर जात नाही. घरात माठ भरलेला असतो, त्यातून पेला भरून घेतो. नदी आहे तेथेच आहे, पण रोजचे काम माठावर चालते.

संगणकात ह्या माठाला 'कॅश' म्हणतात. रोकड ह्या अर्थाच्या कॅशशी त्याचा संबंध नाही. हा शब्द फ्रेंच भाषेतून आला आहे आणि मूळ अर्थ आहे लपवून साठवून ठेवणे. एकदा शोधलेले उत्तर संगणकाच्या तात्पुरत्या स्मृतीत, म्हणजे रॅममध्ये, ठेवायचे. पुन्हा कोणी तेच विचारले तर डेटाबेसला न उठवता तेथूनच द्यायचे. रॅम ही डिस्कपेक्षा कितीतरी पट वेगवान असते. शिवाय शोधण्याचे आणि जुळवण्याचे कष्टही वाचतात.

असे साठे सांभाळणाऱ्या दोन आज्ञावल्या प्रसिद्ध आहेत. पहिली मेमकॅशडी. अमेरिकेतील ब्रॅड फिट्झपॅट्रिक यांनी २००३ मध्ये आपल्या लाइव्हजर्नल ह्या संकेतस्थळासाठी ती केली. विकिपीडियाही ती वापरतो. दुसरी रेडिस. इटलीच्या सिसिली बेटावरील साल्वातोरे सानफिलिप्पो यांनी ती २००९ मध्ये केली. त्यांच्या स्वतःच्या कामाला नेहमीचा डेटाबेस पुरा पडेना, तेव्हा त्यांनी ती लिहिली. रेडिस हे 'रिमोट डिक्शनरी सर्व्हर' ह्या शब्दांचे लघुरूप. नाव सांगा, त्यापुढचा अर्थ मिळेल, असा तो शब्दकोशासारखा साठा आहे. मेमकॅशडीचा साठा वीज गेली की पुसला जातो. रेडिसला सांगितले तर ती आपल्या साठ्याची प्रत डिस्कवरही उतरवून ठेवते.

गाडे कोठे अडले?

आता मुलीच्या अडचणीकडे येऊ. 'रेडिस बसव' असे म्हणताना माणसे दोन वेगळ्या गोष्टी एका शब्दात सांगतात. पहिली गोष्ट म्हणजे रेडिस सर्व्हर, म्हणजे टाकी. दुसरी गोष्ट म्हणजे पीएचपीचे रेडिस एक्स्टेन्शन, म्हणजे टाकीपासून स्वयंपाकघरापर्यंतचा नळ. पीएचपीला उपजत रेडिसची भाषा येत नाही. सी भाषेत लिहिलेला एक जोडभाग पीएचपीला जोडला, की तिला ती भाषा येते. त्या जोडभागाला 'पीएचपी-रेडिस' म्हणतात.

तुमच्या लेकीने टाकी बसवली आणि भरली. नळ जोडायचा राहिला. 'क्लास रेडिस नॉट फाउंड' ह्या ओळीचा अर्थ एवढाच : पीएचपी म्हणते, रेडिस नावाचे काही माझ्या ओळखीचे नाही. नळ जोडलेला असून टाकी बंद असती, तर ओळ वेगळी आली असती, 'कनेक्शन रिफ्यूज्ड' अशी. संगणक चुकीची ओळ दाखवतो तेव्हा घाबरू नये. ती ओळ नीट वाचावी. दुखणे कोठे आहे ते बहुधा त्याच ओळीत सांगितलेले असते.

बसवण्याची रीत

पुढील भाग मुलीच्या हाती द्या. उबुंटू ह्या मोफत प्रणालीवरची रीत देत आहे. आज्ञा येथे नागरीत छापल्या आहेत, संगणकावर त्या इंग्रजीच्या लहान अक्षरांत टंकायच्या.

पहिली पायरी. आपली पीएचपी कितव्या आवृत्तीची आहे ते पाहावे. आज्ञा : 'पीएचपी -व्ही'. उत्तरात ८.३ किंवा तसा आकडा येईल. तो वहीत लिहून ठेवावा, पुढे लागतो.

दुसरी पायरी. टाकी तपासावी. आज्ञा : 'रेडिस-सीएलआय पिंग'. उत्तर 'पॉन्ग' आले तर टाकी चालू आहे. नसेल तर 'सुडो एपीटी अपडेट' आणि मग 'सुडो एपीटी इन्स्टॉल रेडिस-सर्व्हर'.

तिसरी पायरी. नळ जोडावा. आज्ञा : 'सुडो एपीटी इन्स्टॉल पीएचपी-रेडिस'. एकाच संगणकावर पीएचपीच्या दोन-तीन आवृत्त्या असतील, तर नावात आकडा घालावा, म्हणजे 'पीएचपी८.३-रेडिस'. वहीत लिहिलेला आकडा येथे कामी येतो.

चौथी पायरी. पीएचपीला पुन्हा सुरू करावे. अपाचे वापरत असाल तर 'सुडो सिस्टिमसीटीएल रीस्टार्ट अपाचे२'. एफपीएम वापरत असाल तर त्याच जागी 'पीएचपी८.३-एफपीएम'. अनेकांचे काम येथेच अडते. नवा जोडभाग पीएचपी सुरू होतानाच उचलते, मध्येच उचलत नाही.

पाचवी पायरी. पाहून घ्यावे. आज्ञा : 'पीएचपी -एम'. जोडलेल्या भागांची यादी येते, त्यात 'रेडिस' हे नाव दिसले पाहिजे. नंतर पीएचपीची चार ओळींची चाचणी लिहावी. नवा रेडिस घ्यायचा, १२७.०.०.१ ह्या पत्त्यावर आणि ६३७९ ह्या क्रमांकाच्या दारावर जोडायचा, एका नावाखाली एक शब्द ठेवायचा आणि तोच परत मागायचा. ठेवलेला शब्द परत आला, की काम झाले.

भगवान बुद्धांनी कालामांना सांगितले की, कोणी सांगितले म्हणून किंवा ग्रंथात आहे म्हणून मानू नका, स्वतः तपासून घ्या. आमच्या धंद्यात ह्या उपदेशाइतकी उपयोगी शिकवण दुसरी नाही. 'इन्स्टॉल झाले' असे संगणक म्हणाला म्हणून मानू नये. चाचणी करून पाहावे.

चार ठिकाणी ठेच लागते

एक. आज्ञेच्या काळ्या पडद्यावर रेडिस दिसते, पण संकेतस्थळावर तीच जुनी चूक येते. कारण उबुंटूवर पडद्यावरची पीएचपी आणि संकेतस्थळाची पीएचपी यांच्या मांडणीच्या फायली वेगवेगळ्या असतात. संकेतस्थळाकडून खात्री करायची तर 'पीएचपीइन्फो' हे पान तात्पुरते तयार करून पाहावे. पाहून झाले की ते पान त्याच दिवशी पुसून टाकावे. त्यात आपल्या सर्व्हरची सगळी कुंडली असते, ती चोराच्या हाती लागू नये.

दोन. नावाचा घोटाळा. रेडिसऐवजी मेमकॅशडी वापरायचे ठरले, तर पीएचपीसाठी 'मेमकॅश' आणि 'मेमकॅशडी' असे दोन निराळे जोडभाग आहेत. अक्षर एकाचेच अंतर, पण एकासाठी लिहिलेली आज्ञावली दुसऱ्यावर चालत नाही. कार्यालयाच्या आज्ञावलीत कोणते नाव आहे ते पाहूनच बसवावे.

तीन. घरचा संगणक विंडोजचा आणि त्यावर एक्सॅम्प असेल, तर जोडभाग 'डीएलएल' फाईलच्या रूपात मिळतो. ती निवडताना तीन गोष्टी जुळाव्या लागतात : पीएचपीची आवृत्ती, ३२ की ६४ बिट, आणि 'थ्रेड सेफ' आहे की नाही. तिन्ही गोष्टी पीएचपीइन्फोच्या पानावर असतात. फाईल 'ईएक्सटी' ह्या कप्प्यात ठेवावी, 'पीएचपी.आयएनआय' फाईलमध्ये 'एक्स्टेन्शन=रेडिस' ही ओळ घालावी आणि अपाचे पुन्हा सुरू करावा. रेडिस सर्व्हर मात्र विंडोजच्या आतल्या लिनक्समध्ये, म्हणजे डब्ल्यूएसएलमध्ये, चालवणे बरे. फायलींच्या नावांतील 'रेडिस' ह्या शब्दाआधी 'पीएचपी_' लागलेले असते. ते पाहून गोंधळू नये, आयएनआयमधील ओळीत नुसते नाव चालते.

चार. ग्राहकाचे संकेतस्थळ स्वस्तातल्या सामायिक सर्व्हरवर असेल, तर तेथे 'सुडो' चालत नाही. अशा ठिकाणी नियंत्रण-पानावर पीएचपीच्या जोडभागांची यादी असते, त्यात रेडिसवर खूण करता येते. तेही नसेल, तर 'प्रेडिस' नावाची आज्ञावली आहे. ती निव्वळ पीएचपीतच लिहिलेली आहे, तिला जोडभाग लागत नाही. वेग थोडा कमी, पण काम होते. टाकी मात्र कोठेतरी असावीच लागते, हे विसरू नये.

माठात काय भरावे

बसवणे सोपे, वापरणे शहाणपणाचे. साहेब पुढे विचारतील ते हेच.

माठातले पाणी शिळे होते. डेटाबेसमध्ये माहिती बदलली आणि माठात जुनीच राहिली, तर संकेतस्थळ खोटे बोलू लागते. समजा, विहाराच्या संकेतस्थळावर वर्षावासाच्या प्रवचनाची वेळ बदलली. माठात जुनी वेळ राहिली, तर माणसे रात्री आठ वाजता येऊन बंद दार पाहतील. म्हणून रेडिसमध्ये ठेवलेल्या प्रत्येक गोष्टीला आयुष्य ठरवून देता येते. साठ सेकंद म्हटले की साठ सेकंदांनी ती आपोआप नाहीशी होते. अनित्यता हा आपल्या धम्माचा पहिला धडा आहे, तो येथेही लागू पडतो. ज्या गोष्टीला आयुष्य ठरवून दिलेले नाही ती माठात भरू नये. आणि मूळ माहिती बदलताच माठातली प्रतही पुसावी.

कोणती माहिती ठेवावी? जी सर्वांना सारखी दिसते आणि क्वचित बदलते ती. सूचना, याद्या, लेख, वेळापत्रके. एका माणसाची खासगी माहिती, म्हणजे जातीचा दाखला, बँकेचा क्रमांक, आजाराचे कागद, सर्वांसाठीच्या साठ्यात ठेवू नये. नाव देताना गफलत झाली, तर एकाचा कागद दुसऱ्याला दिसतो. त्याची भरपाई कशाने होणार?

माठाला मापही हवे. रेडिसला 'मॅक्समेमरी' सांगून ठेवावी आणि जागा भरली की फार दिवस न वापरलेले आधी काढ, असा नियम द्यावा. नाहीतर ती सगळी रॅम खाऊन टाकते आणि संगणकच बसतो.

शेवटी कुलूप. रेडिसचे दार फक्त त्याच संगणकाला उघडे असावे, बाहेरच्या जगाला नाही. पत्ता १२७.०.०.१ ठेवण्याचे कारण हेच. दुसऱ्या संगणकावरून जोडायचेच असेल, तर परवलीचा शब्द आणि भिंत दोन्ही हवेत. २८ फेब्रुवारी २०१८ रोजी गिटहब ह्या मोठ्या संकेतस्थळावर हल्ला झाला. दर सेकंदाला १.३५ टेराबिट इतका लोंढा त्यावर सोडण्यात आला. हल्लेखोरांनी त्यासाठी दुसऱ्यांचेच उघडे पडलेले मेमकॅशडी सर्व्हर वापरले होते. कोणाच्या तरी निष्काळजीपणाने उघडे राहिलेले दार तिसऱ्याच्याच घरावर संकट घेऊन आले.

ही विद्या विकत घ्यावी लागत नाही

आता पैशांविषयी. उबुंटू, पीएचपी, रेडिस आणि तो जोडभाग, हे सगळे फुकट मिळते. ते कसे लिहिले आहे हेसुद्धा उघडे आहे. अर्थात ह्या खुलेपणावरही पहारा ठेवावा लागतो. मार्च २०२४ मध्ये रेडिसच्या मालक कंपनीने परवान्याच्या अटी बदलल्या आणि जुने मोकळेपण संपवले. त्यावर रेडिस घडवणाऱ्यांपैकी काहींनी त्याच महिन्यात लिनक्स फाउंडेशनच्या छत्राखाली 'व्हॅल्की' नावाने जुन्या अटींवरच वेगळी चूल मांडली. पुढे मे २०२५ मध्ये रेडिसने आठव्या आवृत्तीला पुन्हा एक खुला परवाना दिला. व्हॅल्की तीच भाषा बोलते, म्हणून पीएचपीचा हाच जोडभाग तिलाही चालतो. सार्वजनिक पाणवठ्याचे मोल आपल्या समाजाला कोणी नव्याने सांगायला नको. तो खुला राहावा म्हणून माणसांना एकत्र यावे लागते, एवढेच ह्या हकिकतीतून घ्यावे.

बाबासाहेबांनी १९४५ मध्ये पीपल्स एज्युकेशन सोसायटी काढली आणि १९४६ मध्ये मुंबईत सिद्धार्थ महाविद्यालय सुरू केले. उच्च शिक्षण कष्टकऱ्यांच्या मुलांच्या आवाक्यात यावे ही त्यामागची तळमळ होती. आज ह्या विषयाची पुस्तिका प्रत्येकाच्या मोबाईलमध्ये आहे, पण ती इंग्रजीत आहे. आणि ती वाचताना अडले तर विचारावे असा माणूस वस्तीत नसतो. क्लासवाले पाच हजार मागतात ते बहुधा ह्या दोन गोष्टींचेच.

म्हणून माझी सूचना अशी. मुलीने प्रत्येक पायरी मराठीत वहीत लिहून ठेवावी. कोणती आज्ञा दिली, कोणती चूक आली, ती कशाने गेली. कार्यालयात ही वही तिची पत वाढवील. मांजर्लीत, कुळगावात, अंबरनाथला, उल्हासनगरला अशी कितीतरी मुले एकेकटी जागत असतील. विहारात रविवारी वंदनेनंतर तासभर जागा मिळाली, एक जुना संगणक मिळाला, तर जिला नळ जोडता आला ती पुढच्या दोघींना तो जोडून दाखवील. जुना संगणक चालतो. रेडिसला अशा शिकण्यासाठी फार ताकद लागत नाही.

आणि आई-वडिलांना एक विनंती. मुलगी रात्री दिवा लावून बसली तर 'मोबाईल बंद कर, झोप' एवढेच म्हणू नका. "काय चूक येते आहे? वाचून दाखव बघू," असे विचारा. तुम्हाला इंग्रजी कळले नाही तरी हरकत नाही. मोठ्याने वाचताना तिचे तिलाच पुष्कळदा सापडते.

जयभीम.